आल्फ श्योबर्ग : साहित्यकृतीचा पडद्यावरील अनुवाद

१

साहित्यकृतीवर आधारलेल्या चित्रपटाचा विचार करताना आपली समीक्षा बहुधा एका हिशेबापाशी येऊन थांबते. मूळ कृतीतील कोणते प्रसंग आले, कोणते गळले, कोणते पदरचे घातले गेले, आणि ही सारी बेरीज-वजाबाकी झाल्यावर दिग्दर्शक मूळ लेखकाशी कितपत प्रामाणिक राहिला, असा हा हिशेब असतो. अनुवादांच्या परीक्षणातही हाच प्रकार चालतो. तो अगदीच निरर्थक आहे असे नव्हे. गळलेला प्रसंग हा कित्येकदा गळलेल्या अर्थाचा पुरावा असतो. परंतु कलाकृती ही प्रसंगांची यादी नसते. त्या प्रसंगांना परस्परांशी बांधणारा, एकाचे वजन दुसऱ्यावर टाकणारा असा एक अंतर्गत नियम तिच्यात असतो, आणि त्या नियमामुळेच प्रत्येक प्रसंगाला त्याचे विशिष्ट रूप लाभते. अनुवादकाच्या हाती मूळ शब्द राहत नाहीत, हे उघडच आहे. मग त्याने सांभाळायचे ते काय? माझ्या मते हा नियम. आणि तो सांभाळण्यासाठी मूळ कृतीचे बाह्य रूप त्याला पुष्कळदा मोडावेही लागते.

हा विचार पारखून पाहण्यास स्वीडिश दिग्दर्शक आल्फ श्योबर्ग (१९०३–१९८०) यांच्या चित्रपटांइतके सोयीचे उदाहरण क्वचित सापडेल. श्योबर्ग हे मुळात रंगभूमीचे. त्यांचे चित्रपट संख्येने थोडे आणि त्यांतील महत्त्वाचे बहुतेक सर्व कोणत्या ना कोणत्या नाटकावर वा कादंबरीवर आधारलेले. फ्रान्समधील कान येथील महोत्सवात १९४६ आणि १९५१ अशा दोन वेळा त्यांच्या चित्रपटांना सर्वोच्च पारितोषिक लाभले. असे असूनही चित्रपटाच्या इतिहासग्रंथांत त्यांचे नाव येते ते बहुतांशी इंगमार बर्गमन यांचा पूर्वसूरी म्हणून. आणि जेथे स्वतंत्रपणे येते तेथे ‘साहित्यिक’ व ‘नाटकी’ ही दोन विशेषणे त्याला चिकटलेली असतात. ही विशेषणे दोषदर्शक आहेत, असे ती योजणारे गृहीतच धरतात. हे गृहीत कितपत टिकते ते पाहावे, एवढाच प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

२

प्रथम हे ध्यानात घ्यावयास हवे की स्वीडनमध्ये ‘साहित्यिक’ चित्रपट हा चित्रपटाच्या मार्गातील आडवळण नव्हता. तो राजमार्गच होता. व्हिक्टर श्योस्त्रोम यांनी १९१७ मध्ये इब्सेन यांच्या ‘तेर्ये विगेन’ या काव्यावर चित्रपट केला, १९२१ मध्ये सेल्मा लागरलोफ यांच्या कथेवरून ‘मृत्यूचा रथ’ पडद्यावर आणला. मॉरिट्झ स्टिलर यांनी १९२४ मध्ये त्याच लेखिकेच्या ‘गोस्ता बर्लिंग’ या कादंबरीचे चित्रपटरूप सिद्ध केले. स्वीडिश मूकपटाची जागतिक कीर्ती या अशा कृतींवर उभी आहे. श्योबर्ग यांना वारसा मिळाला तो हा.

त्यांचे शिक्षण स्टॉकहोमच्या ‘ड्रामाटेन’ या राष्ट्रीय नाट्यगृहाच्या विद्यालयात झाले. ग्रेटा गार्बो तेथे त्यांच्या समकालीन विद्यार्थिनी होत्या. त्यांचा पहिला चित्रपट ‘सर्वांत बलवान’ हा १९२९ चा, उत्तरेकडील हिमसागरात शिकार करणाऱ्यांच्या जीवनावरील मूकपट. निसर्गाची भव्यता आणि माणसाची चिकाटी यांचे त्यातील चित्रण पाहता हा तरुण श्योस्त्रोम यांच्याच वाटेने जाणार, असे कोणालाही वाटले असते. पण लगेच बोलपट आला, स्वीडिश चित्रपटव्यवसाय हलक्याफुलक्या करमणुकीकडे वळला, आणि श्योबर्ग पूर्ण एक तप पुरे होण्याच्या सुमारास, म्हणजे १९४० मध्ये, पुन्हा चित्रपटाकडे आले. मधला काळ त्यांनी रंगभूमीवर घालवला. या दहा वर्षांकडे त्यांच्या चित्रपटजीवनातील रिकामी जागा म्हणून पाहण्याचा प्रघात आहे. मला ती जागा रिकामी वाटत नाही. शेक्सपिअर आणि स्ट्रिंडबर्ग यांच्या संहिता रंगमंचावर उभ्या करताना एकाच चौकटीत अनेक काळ आणि अनेक स्थळे कशी नांदवावीत हा प्रश्न दिग्दर्शकाला रोज सोडवावा लागतो. रंगमंचाला कात्री नसते. चित्रपटाप्रमाणे एक दृश्य तोडून दुसरे जोडता येत नाही. श्योबर्ग यांनी पुढे चित्रपटात जे केले त्याचे बीज या अडचणीत आहे.

३

१९४२ चा ‘हिम्लास्पेलेट’, म्हणजे ‘स्वर्गाचे नाट्य’, हा त्यांचा पहिला खरोखर स्वतंत्र चित्रपट म्हणता येईल. रूने लिंडस्ट्रोम यांचे मूळ नाटक नुकतेच, १९४१ मध्ये, रंगभूमीवर आले होते आणि चित्रपटातील नायकाची भूमिकाही लिंडस्ट्रोम यांनीच केली. मात्स या तरुण शेतकऱ्याच्या वाग्दत्त वधूला चेटकीण ठरवून जाळले जाते. तो न्याय मागण्यासाठी थेट परमेश्वराकडे निघतो आणि वाटेत संपत्ती व सत्ता यांच्या मोहात पडून आपण कशासाठी निघालो होतो हेच विसरतो. स्वीडनच्या दालार्ना प्रांतात घराच्या भिंतींवर बायबलमधील प्रसंग रंगवण्याची जुनी लोककला आहे. तीत बायबलमधील पुरुष दालार्नाच्या शेतकऱ्यांच्या वेषात, दालार्नाच्याच रस्त्यांवरून हिंडतात. नाटकाने ही कल्पना घेतली होती; श्योबर्ग यांनी तिला प्रत्यक्ष भूमी, प्रत्यक्ष धूळ आणि प्रत्यक्ष प्रकाश दिला. येथे एक गोष्ट नोंदवावीशी वाटते. चित्रातील भोळेपणा कॅमेऱ्याच्या वास्तवतेपुढे टिकणे कठीण असते. तो टिकला, कारण दिग्दर्शकाने चित्रांची नक्कल केली नाही. पवित्र आणि परिचित यांत अंतर न मानण्याची त्या चित्रांमागील वृत्ती त्याने घेतली. नियम सांभाळणे म्हणतात ते हेच.

१९४४ चा ‘हेट्स’ (‘छळ’) अधिक प्रसिद्ध आहे, आणि त्याच्या प्रसिद्धीचे एक कारण त्याच्या गुणांबाहेरचे आहे. पडद्यावर आलेली बर्गमन यांची ही पहिली पटकथा. विद्यार्थ्यांनी ‘कॅलिग्युला’ असे नाव ठेवलेला लॅटिनचा एक विकृत शिक्षक, त्याच्या दहशतीखाली वावरणारा यान-एरिक हा विद्यार्थी, आणि दोघांच्याही आयुष्यात असलेली तंबाखूच्या दुकानातील मुलगी बेर्ता, ही त्यातील मुख्य पात्रे. स्टिग यॅरेल, आल्फ शेलिन आणि माय झेटर्लिंग यांनी ती उभी केली. पटकथेचा विषय होता शाळा नावाचा नरक, आणि तो एका व्यक्तीने भोगलेला. श्योबर्ग यांनी या खाजगी नरकाला काळाचे परिमाण दिले. चित्रपटातला कॅलिग्युला नाझीधार्जिणे वृत्तपत्र वाचतो. ही एक लहानशी खूण १९४४ च्या तटस्थ स्वीडनमधील प्रेक्षकाला पुरेशी होती. शिक्षकाच्या क्रौर्यामागे जे भय दडलेले आहे, तेच युरोपभर गणवेष घालून हिंडत आहे, असे चित्रपट न सांगता सुचवतो. बाहेरचे शेवटचे चित्रीकरण बर्गमन यांनी केले आणि तेथून त्यांचा स्वतःचा प्रवास सुरू झाला. इतिहासकारांनी या तपशिलाला जेवढे महत्त्व दिले तेवढे श्योबर्ग यांनी केलेल्या अर्थांतराला दिले नाही.

१९४६ च्या कान महोत्सवात सर्वोच्च पारितोषिक अकरा चित्रपटांना विभागून देण्यात आले. त्यांत ‘हेट्स’ होता आणि चेतन आनंद यांचा ‘नीचा नगर’ही होता. गॉर्कीच्या ‘तळागाळ’ या नाटकाची प्रेरणा असलेला हिंदी चित्रपट आणि स्टॉकहोमच्या शाळेत हुकूमशाहीचा चेहरा दाखवणारा स्वीडिश चित्रपट एकाच पंक्तीत बसले, हा निव्वळ योगायोग नव्हे. युद्ध संपताच जगाला ज्या प्रकारच्या चित्रपटाची भूक लागली होती, तिची ती साक्ष आहे.

१९४९ चा ‘केवळ एक आई’ हा ईव्हार लू-युहान्सन यांच्या १९३९ च्या कादंबरीवरील चित्रपट. आपल्याकडील सालदारांशी नाते सांगणारा शेतमजुरांचा एक वर्ग स्वीडनमध्ये होता. वर्षाच्या कराराने बांधलेले, मजुरीचा मोठा भाग धान्य-दुधाच्या रूपाने घेणारे हे ‘स्तातारे’. ही पद्धत १९४५ मध्ये संपुष्टात आली, म्हणजे चित्रपट आला तेव्हा जखम भरली असली तरी व्रण ताजा होता. या वर्गातील एक तरुणी, र्‍या-र्‍या, उन्हाच्या तलखीत तळ्यावर विवस्त्र स्नान करते. एवढ्या एका कृतीचा निकाल तिचा समाज तिला आयुष्यभर ऐकवत राहतो. एवा दाल्बेक यांनी ही भूमिका अशी केली आहे की तिच्या शरीराचे हळूहळू झिजणे हेच कथेचे निवेदन होते. कादंबरीकाराला वर्षे सरल्याचे शब्दांनी सांगावे लागते. येथे ती वर्षे एका चेहऱ्यावर साचतात.

४

श्योबर्ग यांची कीर्ती ज्यावर अवलंबून राहावी असा चित्रपट मात्र १९५१ चा ‘मिस ज्युली’ हाच आहे. कान महोत्सवाचे सर्वोच्च पारितोषिक त्या वर्षी या चित्रपटाला आणि दे सिका यांच्या ‘मिरॅकल इन मिलान’ला विभागून मिळाले.

स्ट्रिंडबर्ग यांचे मूळ नाटक १८८८ चे. मध्यग्रीष्मातील उत्सवाची एक रात्र, सरदाराच्या वाड्यातील स्वयंपाकघर, आणि तीन माणसे : सरदारकन्या ज्युली, नोकर ज्याँ आणि स्वयंपाकीण क्रिस्तीन. रात्रीतून ज्युली आणि ज्याँ यांचा संबंध येतो, पहाटेपर्यंत मालकीण आणि नोकर यांच्या जागा बदलतात, आणि शेवटी ज्याँने हातात दिलेला वस्तरा घेऊन ज्युली मरणाकडे चालू लागते. नाटकाला जोडलेल्या प्रस्तावनेत स्ट्रिंडबर्ग यांनी आपली भूमिका सविस्तर मांडली आहे. अंकांची विभागणी त्यांनी मुद्दाम टाळली. मध्यंतरामुळे प्रेक्षक लेखकाच्या प्रभावातून सुटतो आणि विचार करू लागतो, हे त्यांना नको होते. एक स्थळ, एक रात्र, अखंड काळ. प्रेक्षकाचा श्वास कोंडावा अशी ही रचना आहे, आणि त्या कोंडमाऱ्यातच तिचा नियम आहे.

आता हे नाटक पडद्यावर आणणाऱ्याची अडचण पाहा. कॅमेरा स्वयंपाकघरातच ठेवावा तर चित्रपट रंगप्रयोगाची छायाप्रत होतो. बाहेर न्यावा तर कोंडमारा संपतो आणि नाटकाचा प्राणच जातो. श्योबर्ग कॅमेरा बाहेर नेतात. शेतकऱ्यांचा नाच, बाग, कोठारे, उत्तरेच्या उन्हाळी रात्रीचा न मावळणारा उजेड, हे सारे पडद्यावर येते. गोरान स्ट्रिंडबर्ग यांच्या छायालेखनाने त्याला विलक्षण कांती दिली आहे. हिशेबी समीक्षक येथेच लेखणी उचलतो : एकस्थळत्व गेले, मूळ नियम मोडला.

परंतु श्योबर्ग यांनी एका हाताने जे सोडले ते दुसऱ्या हाताने पकडले आहे. नाटकात ज्युली आपल्या आईची हकीकत सांगते. स्त्रीपुरुषसमतेचा हट्ट धरणारी ही आई विवाहबंधनाला मनातून विरोधी होती. तिने मुलीला मुलासारखे वाढवले, जमिनीवर पुरुषांना बायकांची आणि बायकांना पुरुषांची कामे लावली, शेवटी वाड्याला आग लागली आणि त्या आगीमागेही तीच होती. चित्रपटात ही हकीकत दिसते. पण ती कशी दिसते यात सारे मर्म आहे. भूतकाळ दाखवण्याची चित्रपटाची रूढ रीत अशी की वर्तमानाचे दृश्य विरघळते, भूतकाळाचे उमटते आणि हकीकत संपली की आपण परत येतो. श्योबर्ग ही रीत नाकारतात. प्रौढ ज्युली बोलत असते. कॅमेरा किंचित बाजूला वळतो, आणि त्याच जागेत, त्याच चौकटीत, तिची आई लहानग्या ज्युलीला घेऊन येते. मध्ये तोड नाही, विरघळणे नाही. बोलणारी आणि जिच्याविषयी बोलले जाते ती, दोघी एकाच हवेत श्वास घेतात. भूतकाळ हा येथे मागे राहिलेला प्रदेश नसून खोलीतील आणखी एक माणूस आहे.

याचा परिणाम असा होतो की ज्युलीला कोठेही जायची मोकळीक मिळाली तरी सुटका मिळत नाही. बागेत गेली तरी बालपण तेथे उभेच आहे. वाड्यात आली तर आई. दिग्दर्शकाने स्थळाचे दार उघडले, पण काळाचे दार बंद केले. स्ट्रिंडबर्ग यांनी चार भिंतींनी जो कोंडमारा साधला तो श्योबर्ग यांनी दोन पिढ्यांनी साधला. मूळ कृतीचे रूप बदलले. नियम जसाच्या तसा उतरला.

या युक्तीचे मूळ रंगभूमीवर आहे हे आरंभीच सुचवले. श्योबर्ग यांनी १९४९ मध्ये हेच नाटक ‘ड्रामाटेन’मध्ये बसवले होते, ज्याँच्या भूमिकेत तेव्हाही उल्फ पाल्मे होते, ज्युलीच्या भूमिकेत इंगा तिडब्लाड. चित्रपटात ज्युलीची भूमिका अनिता ब्योर्क यांनी केली. पण त्याहून खोल असे एक मूळ मला दिसते. स्ट्रिंडबर्ग यांनी १९०१ मध्ये ‘स्वप्ननाटक’ लिहिले. त्यात स्थळकाळाची बंधने गळून पडतात आणि दृश्ये स्वप्नाप्रमाणे एकमेकांत मिसळतात. १८८८ च्या निसर्गवादी स्ट्रिंडबर्गचा अनुवाद श्योबर्ग यांनी १९०१ च्या स्वप्नवादी स्ट्रिंडबर्गच्या व्याकरणाने केला, असे म्हटल्यास वावगे होणार नाही. अनुवादकाला याहून चांगला मार्ग कोणता? एखाद्या वाक्यापाशी अडल्यावर आपण त्याच लेखकाच्या दुसऱ्या पानावर जातो, त्याने तोच प्रश्न इतरत्र कसा सोडवला ते पाहतो. तेथे सापडलेला शब्द उसना असत नाही. तो लेखकाच्या घरचाच असतो. बर्गमन यांच्या १९५७ च्या ‘वाइल्ड स्ट्रॉबेरीज’मध्ये वृद्ध इसाक आपल्या तरुणपणाच्या घरात जाऊन उभा राहतो. त्या प्रसंगाचे कौतुक करताना ‘मिस ज्युली’चे स्मरण ठेवणे न्यायाचे होईल.

५

इतके म्हटल्यावर दुसरी बाजूही तितक्याच स्पष्टपणे मांडली पाहिजे. कारण ‘मिस ज्युली’ने काही गमावले आहे आणि ते किरकोळ नाही.

नाटकात सरदार कधीही दिसत नाही. दिसतात ते त्याचे बूट. ऐकू येतो तो घंटेचा नाद. क्षणापूर्वी स्वतंत्र आयुष्याची स्वप्ने रंगवणारा ज्याँ त्या घंटेबरोबर पुन्हा नोकर होतो. सत्तेला चेहरा नाही म्हणूनच तिचे भय अमर्याद आहे. चित्रपटात सरदार दिसतो. अँडर्स हेन्रिक्सन यांनी तो पत्नीपुढे हतबल झालेला, कणव यावी असा रंगवला आहे. माणूस म्हणून तो कळतो, आणि कळल्यामुळेच लहान होतो. बुटांपुढे वाकणारा ज्याँ आपल्याला आता तितकासा समजत नाही.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. नाटकातील भूतकाळ आपण केवळ ऐकतो, आणि सांगणारी माणसे त्या रात्री मद्य, वासना आणि मत्सर यांच्या अमलाखाली आहेत. ज्याँ आपल्या बालपणीची करुण कथा सांगतो, दुरून ज्युलीला पाहून आपण मरणाची इच्छा कशी धरली तेही सांगतो. पुढे हेतू साधल्यावर तो बेफिकिरीने उघड करतो की मरणाचा तो भाग कोठेतरी वाचलेल्या दुसऱ्याच कोणाच्या गोष्टीवरून रचलेला होता. या एका कबुलीने नाटकातील प्रत्येक आठवण संशयास्पद होते. चित्रपटात मात्र लहान ज्याँ आपण डोळ्यांनी पाहिलेला असतो, आणि कॅमेऱ्याने दाखवलेल्या गोष्टीवर अविश्वास ठेवणे प्रेक्षकाला जड जाते. शब्द साक्षीदार असतो. चित्र निकाल देऊन मोकळे होते.

येथे त्याच काळातील एका कृतीची तुलना उद्बोधक ठरेल. अकुतागावा यांच्या कथांवरून कुरोसावा यांनी केलेला ‘राशोमोन’ १९५० चा. व्हेनिसचे सर्वोच्च पारितोषिक त्याला १९५१ मध्ये, म्हणजे ‘मिस ज्युली’ला कानमध्ये गौरवले गेले त्याच वर्षी मिळाले. कुरोसावा यांनी प्रत्येक साक्षीदाराची हकीकत तितक्याच विश्वासार्हतेने चित्रित केली आणि त्या परस्परविरोधी चित्रांतून चित्राच्याच प्रामाण्याला तडा दिला. श्योबर्ग यांना या संशयात रस नाही. त्यांचा भूतकाळ खरा की खोटा हा प्रश्नच उद्भवू नये अशी त्यांची योजना आहे. तो पुरावा म्हणून येत नाही, दाब म्हणून येतो. ज्युलीच्या बाबतीत ही योजना पूर्ण यशस्वी होते. तिची आई प्रत्यक्षात तशी होती की नाही यापेक्षा ती मुलीच्या आत अजून तशीच उभी आहे, हेच सत्य तेथे प्रस्तुत असते. पण ज्याँच्या बाबतीत तीच योजना त्याच्यातील लबाड कथाकाराला निर्दोष ठरवते. स्ट्रिंडबर्गचा ज्याँ आपला भूतकाळ हत्यारासारखा वापरतो. श्योबर्गचा ज्याँ तो नुसता वाहतो. एका पात्राच्या अंतरंगाची किंमत दुसऱ्या पात्राने चुकवली आहे.

आईचे चित्रही याच कारणाने अधिक कठोर झाले आहे. स्ट्रिंडबर्ग यांचा स्त्रीविषयक पूर्वग्रह सर्वश्रुत आहे. तो नाटकात निदान ज्युलीच्या तोंडून, एका जखमी मुलीच्या दृष्टीतून गाळून येतो. पडद्यावर ही गाळणी उरत नाही. समतेची भाषा बोलणारी स्त्री तेथे सरळ संहारक म्हणून उभी राहते, आणि नाटककाराचा पूर्वग्रह दिग्दर्शकाच्या साक्षीने पक्का होतो. हा दोष मी लहान मानत नाही. मात्र तो ‘साहित्यिक’ असण्याचा दोष नव्हे, हे ध्यानात घ्यावे. साहित्यकृतीचा अर्थ लावताना दिग्दर्शकाने जेथे निवड केली त्या निवडीचा तो दोष आहे. आणि निवड न करणारा अनुवाद जगात अस्तित्वात नाही.

६

निवड टाळली की काय होते याचे उदाहरण श्योबर्ग यांच्याच पुढील चित्रपटात आहे. पेर लागरक्विस्ट यांची ‘बराब्बस’ ही कादंबरी १९५० मध्ये आली आणि १९५१ मध्ये त्यांना नोबेल पारितोषिक मिळाले. श्योबर्ग यांचा चित्रपट १९५३ चा; उल्फ पाल्मे हेच त्याचे नायक. ख्रिस्ताऐवजी ज्याची सुटका झाली तो हा गुन्हेगार आयुष्यभर विश्वासाच्या उंबरठ्यावर घुटमळतो. आत जात नाही, परतही फिरत नाही. कादंबरीचे सामर्थ्य तिच्या कोरड्या, आखूड, जवळजवळ निर्विकार वाक्यांत आहे. लेखक बराब्बसच्या मनात शिरण्याचे कटाक्षाने टाळतो; अखेरीस तो आपला आत्मा ज्या अंधाराला सोपवतो तो अंधार कोणाचा, हेही सांगत नाही. न सांगणे हाच त्या कृतीचा नियम. चित्रपटाने प्रसंग निष्ठेने घेतले, स्थळांची भव्यता घेतली; पण न सांगण्याचे चित्ररूप त्याला सापडले नाही. चेहरा दाखवला की काहीतरी सांगितले जातेच. आदर पुष्कळ, पण अनुवाद नाही, अशी ही स्थिती आहे. हिशेबाच्या वहीत ‘बराब्बस’ हा ‘मिस ज्युली’पेक्षा अधिक प्रामाणिक ठरेल, त्या वहीची मर्यादा यातूनच कळावी.

१९५४ चा ‘कारिन मोन्सदोत्तर’ याच्या उलट टोकाला जातो. स्ट्रिंडबर्ग यांचे ‘एरिक चौदावा’ हे नाटक त्याच्या मध्यभागी आहे. पण राजा एरिकऐवजी त्याने राणी केलेली सामान्य घरातील कारिन हिला दिग्दर्शकाने केंद्र मानले, आधी लोककथेच्या ढंगाचा एक रंगीत पूर्वरंग जोडला आणि नंतर बंदिवासाचा उत्तरार्ध. तीन भाग, तीन शैली. ते परस्परांत मिसळत नाहीत, हे खरे. तरीही मला हा अर्धवट फसलेला चित्रपट ‘बराब्बस’च्या सुघड निष्प्राणतेपेक्षा मोलाचा वाटतो. मोठ्या नाटककाराने कडेला ठेवलेल्या पात्राचा आवाज ऐकण्याचा त्यात प्रयत्न आहे. ज्युलीच्या आईला जो न्याय मिळाला नाही, तो जणू दिग्दर्शक येथे दुसऱ्या स्त्रीला देऊ पाहतो.

पुढची कामगिरी थोडक्यात सांगण्यासारखी आहे. १९५६ चा ‘शेवटची जोडी’ पुन्हा बर्गमन यांच्या लेखनावर बेतलेला होता. पण ‘हेट्स’मध्ये दोघांच्या दृष्टीत जो सर्जक विरोध होता तो येथे उरला नव्हता. १९६० मध्ये विल्हेल्म मोबेरी यांच्या नाटकावरून न्यायव्यवस्थेतील भ्रष्टतेवर ‘न्यायाधीश’, १९६६ मध्ये ‘बेट’, आणि १९६९ मध्ये स्ट्रिंडबर्ग यांचेच ‘पिता’. ‘पिता’नंतर त्यांनी चित्रपट केला नाही, रंगभूमी मात्र सोडली नाही. १९८० च्या एप्रिलमध्ये तालमीला जात असता रस्त्यावरील अपघातात त्यांचा मृत्यू झाला.

७

श्योबर्ग हे बर्गमन यांच्या तोडीचे कलावंत होते, असा दावा येथे करावयाचा नाही. बर्गमन यांना स्वतःचे असे एक विश्व होते आणि प्रत्येक चित्रपटात ते त्याच विश्वाचा नवा कोपरा उजळत. श्योबर्ग यांना असे विश्व नव्हते; त्यांना दुसऱ्यांच्या विश्वात शिरण्याची शक्ती होती. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात चित्रपटसमीक्षेने दिग्दर्शकालाच एकमेव कर्ता मानण्याचा सिद्धांत स्वीकारला आणि या दुसऱ्या प्रकारच्या प्रतिभेची किंमत उतरली. साहित्यातही याहून वेगळे घडलेले नाही. आपल्या देशात एका भाषेतील साहित्य दुसऱ्या भाषेत पोहोचते ते ज्यांच्या हातून, त्यांची नावे मुखपृष्ठावर लहान अक्षरांत येतात आणि वाङ्मयेतिहासात बहुधा येतच नाहीत. स्वतःचे जग निर्माण करणे हीच एक निर्मिती, अशी आपली समजूत आहे.

‘मिस ज्युली’ या समजुतीला उत्तर देतो. त्यातील एकही मुख्य पात्र श्योबर्ग यांनी कल्पिलेले नाही, कथा त्यांची नाही, संवादही मुख्यतः त्यांचे नाहीत. तरी आई आणि मुलगी ज्या चौकटीत एकत्र उभ्या राहतात ती चौकट स्ट्रिंडबर्ग यांच्या संहितेत कोठेही सापडणार नाही. आणि ती पाहिल्यावर संहिता पुन्हा वाचणाऱ्याला, तेथे ती पूर्वीही होती, आपल्यालाच दिसली नव्हती, असे वाटू लागते. अनुवादाकडून याहून अधिक काय मागावे? त्याने मूळ कृतीची जागा घेऊ नये. तिच्याकडे परत जाण्याचे कारण द्यावे. ज्याँला त्याने भोळा केला आणि सरदाराला दृश्य केला, हे त्याचे ऋण आपण नोंदवून ठेवू. परंतु ते नोंदवण्यासाठी आपल्याला नाटक आणि चित्रपट दोन्ही समोर ठेवून पुन्हा पाहावे लागले, हीदेखील श्योबर्ग यांच्या बाजूची नोंद आहे.